वेरोनिकाच्या तोंडी माझा आवाज

टॅक्सीत बसून मी पत्ता सांगितला की ड्रायव्हर चटकन आरशात बघतो आणि त्याचा चेहरा पडतो. त्याला वाटलेलं असतं, मागे सिनेनटी बाकोश वेरोनिका बसली आहे. बसलेली असते मी. बुटकी, जाड भिंगांची, मांडीवर बाजाराची पिशवी. एकाने तर गाडी बाजूला घेऊन विचारलं होतं, "बाई, रागावू नका, पण तुम्ही वेरोनिकाबाईंची नक्कल करता का?" मी म्हटलं, "बाबा रे, गाडी चालव. नक्कल ती करते."

हे खरं होतं आणि नव्हतंही. वेरोनिकाबद्दल आजवर पुष्कळ लोकांनी पुष्कळ लिहिलं. तिचा चेहरा, तिचे डोळे, एकाच शॉटमध्ये तिचं ते सात-सात मिनिटं चालत राहणं. लिहिणाऱ्यांपैकी एकानेही माझ्या घराची पायरी चढून मला काही विचारलं नाही. आता कुणी विचारायची वाट बघण्याइतकी वर्षं माझ्यापाशी नाहीत, म्हणून मीच सांगते.

मी आगोता. बुडापेस्टच्या डबिंग स्टुडिओत मी चौतीस वर्षं काढली. नाटकाचं रीतसर शिक्षण घेतलं होतं, पण शेवटच्या वर्षी आमच्या मास्तरांनी मला कोपऱ्यात नेऊन सांगितलं, "पोरी, तुझा आवाज उंच आहे, तू नाहीस." तेव्हा मी हसले. घरी जाऊन उशीत तोंड खुपसून रडले. पुढे पडद्यावरच्या परदेशी नट्यांना मी हंगेरियन बोलायला लावलं आणि त्यात माझं बरं चाललं होतं.

सदुसष्ट साली रेदेइ लोरांत या दिग्दर्शकाचा निरोप आला. त्याने एक सिनेमा काढला होता, माळरानावरच्या एका दरोडेखोराच्या विधवेचा. त्या काळी आमच्याकडे सिनेमा मुकाच चित्रित व्हायचा आणि आवाज मागाहून स्टुडिओत भरला जायचा. कॅमेरा चक्कीसारखा घरघरायचा, आणि रेदेइ शॉट चालू असतानाच भोंग्यातून ओरडायचा, "वेरोनिका, डावीकडे! घोड्याकडे बघू नकोस, मूर्ख मुली! आता रड!" आणि ती बावीस वर्षांची पोर कुणी काही बोललंच नाही अशा चेहऱ्याने डावीकडे वळायची आणि रडायची. तिची कला तिथे होती, असं मी आजही म्हणते.

ती उत्तरेकडच्या डोंगरातल्या हलमोश गावची. तिकडची बोली वेगळी, स्वर लांबवून, तोंडात घोळवून बोलायची. नाट्यशाळेत चार वर्षं तिला दातांत बूच धरायला लावून शुद्ध बोलायला शिकवलं होतं. पण भावना आली की बूच उडायचं आणि हलमोश बाहेर पडायचं. स्वतःचा आवाज भरायला ती स्टुडिओत आली, तीन दिवस खपली. चौथ्या दिवशी रेदेइने मला बोलावलं. "चेहरा राणीचा आहे," तो म्हणाला, "आणि तोंड उघडलं की गोठ्याचं दार उघडतं. तू बोल."

वेरोनिकाला कुणी काही सांगितलंच नव्हतं. मी आत जात होते तेव्हा ती बाहेरच्या बाकावर, बोलावतील म्हणून पाणी पिऊन तयार बसली होती.

"तुमी कोन म्हनायच्या?" तिने विचारलं.

"मी?" मी म्हटलं. "मी तू."

विनोद केला होता. तो विनोद आज पंचेचाळीस वर्षं माझ्या घशात अडकला आहे. ती हसली नाही. उठून माझ्यामागून आत आली आणि काचेपलीकडे जाऊन बसली. सिनेमाचे लहान लहान तुकडे केलेले असत, एकेक तुकडा पुन्हा पुन्हा फिरायचा आणि पडद्यावरच्या ओठांत मी माझे शब्द बसवायचे. पाच दिवस हे चाललं. पाच दिवस ती मांडीवर हात ठेवून बघत होती. निघताना मला म्हणाली, "लई ग्वाड बोलता तुमी. पन माज्या आईला कसं सांगू, ह्ये मी न्हवं म्हनून?"

तिने सांगितलं नाही. गावातल्या सभागृहात सिनेमा लागला तेव्हा आई काळा रुमाल बांधून पहिल्या रांगेत बसली. दिवे लागल्यावर धाकट्या लेकीला, बोर्चाला, म्हणाली, "पोर आपलीच हाय. पन तिच्या अंगात कोन आलंय?"

सिनेमाला परदेशात बक्षीस मिळालं. पॅरिसच्या कुणा समीक्षकाने लिहिलं की या नटीच्या आवाजात शतकांचं दुःख आहे. शतकांचं कसलं, त्या आठवड्यात माझी दाढ दुखत होती. श्रेयनामावलीत माझं नाव नव्हतं. तशी पद्धतच नव्हती, आणि मीही कुणाकडे तोंड वेंगाडलं नाही.

मग शहराच्या पेश्त भागातल्या एका मोठ्या नाट्यसंस्थेने वेरोनिकाला घेतलं. पहिल्या प्रयोगाला मी होते, वरच्या गॅलरीत. ती रंगमंचावर आली तेव्हा टाळ्या पडल्या. तिने पहिलं वाक्य म्हटलं आणि प्रेक्षागृहात कुजबूज सुरू झाली. माझ्या शेजारची बाई नवऱ्याला म्हणाली, "अहो, ही ती नव्हेच!" दुसऱ्या अंकात लोक चक्क हसले, आणि नाटक विनोदी नव्हतं. संस्थेच्या संचालकाने तिला दुसऱ्या दिवशी बोलावून सांगितलं, "लोक त्या आवाजाचं तिकीट काढतात. तो आवाज घेऊन ये. कुठून आणायचा, तो तुझा प्रश्न."

ती माझ्या दारात आली. हातात पोगाचांची पिशवी, चरबी घालून भाजलेले छोटे खारे पाव, अजून कोमट.

"शिकवाल?"

नाही म्हणायला हवं होतं. पण मला गर्व झाला, हे कबूल करते. मला कधी न मिळालेल्या रंगमंचावर माझा आवाज उभा राहणार होता. सहा महिने ती रोज यायची. पोटावर जाड शब्दकोश ठेवून माझ्या सतरंजीवर पडायची आणि श्वास मोजायची. वर्तमानपत्र, ट्रामचं वेळापत्रक, औषधाच्या बाटलीवरचं लिखाण, जे सापडेल ते माझ्या आवाजात वाचायची. वाक्याच्या शेवटाआधी मी किंचित थांबते, ते थांबणंसुद्धा तिने उचललं. एक दिवस ती स्वयंपाकघरातून ओरडली, "दूध उतू जातंय!" आणि माझा नवरा देझो आतून म्हणाला, "आलो गं, आगोता!" आम्ही दोघी पोट धरून हसलो. मग ती हसायची थांबली आणि स्टुलावर बसली.

"आता माझ्या जुन्या आवाजात बोलून बघते," ती म्हणाली. काय बोलली ते आठवत नाही. ते माझ्याच आवाजात होतं एवढं आठवतं.

त्यानंतरची तीस-पस्तीस वर्षं आम्ही दोघींनी एकाच आवाजात काढली. दोघींना मिळून एकच कोट असावा तसं. रंगमंचावर ती माझ्या आवाजात बोलायची. सिनेमात रेदेइ अजूनही मलाच बोलवायचा. दर सिनेमाला ती त्याला विचारायची, "या वेळी मी बोलू का? आता येतं मला." तो म्हणायचा, "अस्सल माल हाताशी असताना नक्कल कशाला घेऊ?" मला कुठे छोटंसं नाटक मिळेल म्हणून मी एकदा एका संस्थेत गेले, तर तिथला गृहस्थ म्हणाला, "तुमच्या तोंडून वेरोनिकाबाईंचा आवाज आला तर लोक हसतील हो." म्हणजे मी माझ्याच आवाजाची चोर ठरले! त्या दिवशी मी वेरोनिकाला फोनवर वाट्टेल ते बोलले. तिने ऐकून घेतलं. मग माझ्या आवाजात म्हणाली, "झालं तुझं? ये, कॉफी करते."

मी तिचा हेवा केला. सिनेमे, बक्षिसं, विमानं, फुलं. ती माझा करायची, हे मला उशिरा कळलं. एक्याऐंशी साली पूर्वेकडच्या एका लहान शहरातल्या संस्थेने तिला शेतकरणीची मोठी भूमिका देऊ केली, खेडवळ बोलीतली. ती नाचत आली होती माझ्याकडे. तिच्या संचालकाने रजा नाकारली. "तू गावठी बोललीस तर प्रेक्षक आपल्याला माफ करणार नाहीत," म्हणाला. तिला विधवा, सरदारीण, मठातल्या बायका, हेच. आई वारली तेव्हा ती कबरीपाशी चार शब्द बोलली, आणि गावातल्या बायका एकमेकींना कोपराने ढोसत होत्या. बोर्चा सरळ तोंडावर म्हणाली, "पडद्यावरची बाई आली व्हय? मग जरा बाजूला हो. आमाला रडायचंय." त्यानंतर ती वर्षानुवर्षं हलमोशला गेली नाही. लग्न मोडलं, मूलबाळ नव्हतं. एकदा मला म्हणाली, "झोपेत मी कुणाच्या आवाजात बोलते कोण जाणे. सांगायला कुणी नाही."

रेदेइ गेला, आमची वयं झाली. आणि दोन हजार नऊ साली कोचिश आबेल नावाचा एकतीस वर्षांचा दिग्दर्शक तिच्याकडे आला. सबंध सिनेमाभर एक म्हातारी आपल्या स्वयंपाकघरात बटाटे सोलते आणि आपलं आयुष्य सांगते, एवढीच गोष्ट. संगीत नाही, आणि आवाज जागेवरच घ्यायचा. म्हातारी उत्तरेकडच्या डोंगरातली. वेरोनिका हलमोशची, हे त्याने कुठल्याशा जुन्या कागदात वाचलं होतं.

ती माझ्याकडे आली. चौसष्ट वर्षांची बाई, पण गाल पोरीसारखे लाल.

"आगोता, या खेपेस तुझं काम नाही."

"बरं वाटलं ऐकून," मी म्हटलं. लागलंच मला ते, पण बरंही वाटलं.

"मला एकदा माझ्या तोंडाने बोलायचंय. मरायच्या आधी एकदा. आई असती तर तिने ओळखलं असतं असं."

ती तीन आठवडे बोर्चाकडे जाऊन राहिली. आधी बोर्चाने दार धरून ठेवलं म्हणे, मग आत घेतलं. रोज मला फोन यायचा. आज कोंबड्यांना दाणे टाकले. आज शेजारीण माझ्या बोलण्यावर हसली, पण बोर्चासारखं बोलते म्हणून हसली. आज सबंध दिवस शुद्ध एक शब्द बोलले नाही. इतक्या आनंदात मी तिला कधी ऐकलं नव्हतं, बक्षीस मिळालं तेव्हाही नाही.

परत आली ती थेट माझ्या स्वयंपाकघरात. कोट न काढताच उभी राहिली आणि सिनेमातला पहिला तुकडा म्हणून दाखवला. शब्द सगळे हलमोशचे होते. लांबवायचे ते स्वर तिने लांबवले होते. आणि त्या सगळ्याखाली मी होते. तेच ते शेवटाआधीचं थांबणं, तोच श्वास. रेडिओवरच्या विनोदी कार्यक्रमात शहरी नटी खेडवळ बाई करते, तशी जणू मीच डोक्याला रुमाल बांधून समोर उभी होते.

"कसं वाटलं?"

"छान," मी म्हटलं. "अगदी तुझं."

तिने मला इतकं घट्ट मिठीत धरलं की माझा चष्मा वाकडा झाला.

चित्रण बोर्चाच्याच स्वयंपाकघरात होतं. वेरोनिकाने हट्टाने मला नेलं, "तू नुसती बस, ऐक," म्हणून. मी चुलीपाशी स्टुलावर बसले. वेरोनिका टेबलाशी, हातात सुरी, समोर बटाट्यांची टोपली. बोर्चा दाराच्या चौकटीला टेकून, हाताची घडी घालून बघत होती. आबेलच्या कानांवर हेडफोन होते. पहिला शॉट झाला, दुसरा झाला, नववा झाला. पोरगा सभ्य होता. दर वेळी वाकून हळू सांगायचा, "बाई, फार सुंदर. आता एकदा अगदी साधं. तुम्ही घरी बोलता तसं."

"तसंच बोलते मी," वेरोनिका म्हणाली.

"हो हो. फक्त अजून थोडं घरगुती."

दुसऱ्या दिवशीही तेच. तिसऱ्या दिवशी दुपारी बोर्चाला राहवेना. "आगं, तसं न्हाई!" ती दारातूनच ओरडली. "पान्याला गेले व्हते आन् घागर फुटली, अस्सं म्हन की सरळ. तू तर पान्याला गेल्याचं भाषन ठोकतीस!"

सगळे हसले. वेरोनिकाही हसली. मग मी बघितलं, की आवाज घेणाऱ्या माणसाने लांब दांडीवरचा माइक कुणी न सांगता बोर्चाकडे वळवला होता. त्याचा हात आपोआप गेला होता, त्याचा दोष नाही. आबेलने हेडफोन कानावर दाबून धरले होते आणि त्याच्या चेहऱ्यावर तीन दिवसांत पहिल्यांदा सुख होतं. वेरोनिकाने माइककडे पाहिलं, आबेलकडे पाहिलं, आणि मग माझ्याकडे. मी नजर चुलीकडे वळवली.

संध्याकाळी आबेल मला कुंपणापाशी गाठून म्हणाला, "आगोतामावशी, तुम्हाला हे काम ठाऊक आहे. चेहरा त्यांचा ठेवला आणि आवाज..." पोरगा रडकुंडीला आला होता. मी म्हटलं, "मला काय सांगतोस? जाऊन तिला सांग. पहिल्या सिनेमाच्या वेळी तिला कुणी सांगितलं नव्हतं."

त्याला सांगावं लागलं नाही. ती अंगणात आली, रुमाल सोडत म्हणाली, "बोर्चा बोलेल का?"

"तुमची हरकत नसेल तर," आबेल म्हणाला.

"ती माझ्यापेक्षा बरी बोलते," वेरोनिका म्हणाली आणि हात धुवायला गेली.

पुढचे बारा दिवस तिने जे काम केलं तसं मी आयुष्यात पाहिलं नाही. कसं ऐकू येतंय याची काळजी उरली नव्हती, म्हणून असेल. मला बघवत नव्हतं आणि उठवतही नव्हतं.

आवाज भरायचं काम पेश्तमध्ये होतं, आणि बोर्चाला ते शिकवायला आबेलने मला घेतलं. सत्तर वर्षांच्या मला! बोर्चा लोकरी कोट घालून माइकसमोर उभी राहिली आणि घाबरून गेली. तिची नजर पडद्यावर ठरेना. ओठ हलून जायचे, मग ही बोलायची. "म्या न्हाई बाई," ती म्हणाली, "ती लई भरभर जाती." पहिला सगळा दिवस वाया गेला. दुसऱ्या दिवशी वेरोनिका स्टुडिओत आली. कुणी बोलावलं नव्हतं तिला. काचेपलीकडे बसली, पाच मिनिटं बघितलं आणि आत येऊन बहिणीच्या समोर उभी राहिली, हातभर अंतरावर.

"पडद्याकडे बघू नकोस," ती म्हणाली. "माझ्याकडे बघ."

तुकडा सुरू झाला. पडद्यावर वेरोनिकाचे ओठ हलले, आणि तेच शब्द पडद्यासमोरच्या वेरोनिकाने नुसत्या ओठांनी म्हटले, आवाज न करता. मी बोर्चाच्या खांद्यावर बोट टेकवलं आणि बोर्चा बोलली. बरोबर बसलं. त्यानंतर चार दिवस आम्ही तिघींनी असंच काम केलं. मध्येच बोर्चा रडायची, "थांबा वाईच, नाक गळाया लागलं," म्हणायची, आणि वेरोनिका तिला रुमाल द्यायची. स्वतः ती एकदाही रडली नाही. आठ-आठ तास तोंड उघडत होती आणि मिटत होती, आणि खोलीत तिचा एक शब्द ऐकू येत नव्हता. मला त्या खोलीतून पळून जावंसं वाटत होतं.

शेवटच्या दिवशी दुपारी काम संपलं. बोर्चा आबेलबरोबर बसस्टँडला गेली. आम्ही दोघी ट्रामच्या थांब्यावर उभ्या राहिलो. सात वाजता तिचा प्रयोग होता.

"तुझ्या स्वयंपाकघरात त्या दिवशी तू छान म्हणालीस," ती म्हणाली. "तुला तेव्हाच ऐकू आलं होतं ना?"

"हो."

"मग बोलली का नाहीस?"

मी आयुष्यात तिच्याशी बरंच खोटं बोलले होते, आता नको वाटलं. "अर्धं तुझी दया आली म्हणून," मी म्हटलं. "आणि अर्धं, पुन्हा तुला माझी गरज लागावी म्हणून."

ती चिडेल, मला तिथेच सोडून जाईल असं वाटलं. तिने माझ्या कोटाचं वरचं बटण लावलं.

"बरं केलंस," ती म्हणाली. "बोर्चाकडे मी रोज सकाळी उठले की आधी बोलून बघायचे, माझा आवाज आहे का म्हणून. आणि असायचा गं. तू बोलली असतीस तर ते तीन आठवडेही खोटे ठरले असते. मला तेवढेच मिळाले."

त्या वाक्याच्या शेवटाआधी ती माझ्यासारखीच किंचित थांबली होती. ट्राम आली, ती चढली आणि खिडकीपाशी उभी राहिली. मला माफ कर, असं मला मोठ्याने म्हणायचं होतं. तोंड उघडलंही होतं. पण तेसुद्धा त्याच आवाजात म्हणावं लागलं असतं, म्हणून मी नुसता हात हलवला.